सातव्या सामन्यापर्यंत

चांगी

सिंगापूरच्या विमानतळाबद्दल मला साताऱ्यात सगळ्यांनी भरभरून सांगितलं होतं. आत धबधबा आहे, झाडं आहेत, गालिचा असा की चालल्याचा आवाज येत नाही. तुम्ही गेलात तर जरूर पाहा, कारण मी यातलं काहीही पाहिलेलं नाही. रात्री उशिरा सामान घेऊन बाहेर आले, समोर केदारराव उभे दिसले, त्यांची दाढी वाढलेली दिसली, आणि मी सामानाची गाडी तिथेच थांबवली.

केदारराव म्हणजे आमचे जावई. रोज सकाळी चहाच्या आधी दाढी करणारा माणूस. लग्नाच्या दुसऱ्या दिवशी सगळं कार्यालय घोरत होतं तेव्हाही हे आरशासमोर उभे होते. आमच्याकडे अशा माणसाचे खुंट वाढलेले दिसले की घरात काय झालंय ते विचारायला लागत नाही. सुतकच असतं. माझी मंजिरी सातव्या महिन्यात, पाणमोट अवेळी फुटलेली, हॉस्पिटलमध्ये दाखल केलेली. मी विमानात होते तेवढ्यात काहीतरी होऊन गेलंय, असं माझ्या मनाने धरूनच टाकलं.

"आई, दोघंही ठीक आहेत," ते लांबूनच म्हणाले. माझा चेहरा बघून त्यांना कळलं असावं.

"मग ही दाढी कसली?"

त्यांनी हनुवटीवरून हात फिरवला आणि ओशाळून म्हणाले, "हॉकीची आहे."

टॅक्सीत बसल्यावर खुलासा झाला. मंजिरी दोन वर्षं कॅनडात शिकायला होती हे मला माहीत होतं; तिथे तिला बर्फावरच्या हॉकीचं वेड लागलं हेही कानावर होतं. लग्नानंतर तिने ते वेड नवऱ्याला लावलं हे नवीन. वर्षभराचे सामने झाले की जे संघ वर राहतात त्यांच्या बाद फेरीच्या लढती सुरू होतात. त्या सुरू झाल्या की खेळाडू दाढी करायची थांबवतात, आपला संघ स्पर्धेबाहेर जाईपर्यंत. मग त्यांचे चाहतेही तसंच करतात. यांचा निळा संघ पहिला सामना आदल्याच दिवशी जिंकला होता.

मी मनात म्हटलं, बायको हॉस्पिटलात आणि याला खेळ सुचतोय. मी मुळात भित्री आणि त्यातून तापट. घाबरले की मला आधी राग येतो. आमचे हे तर म्हणतात, तुला राग आलाय की भीती वाटतेय ते एकदा सांगून टाकत जा. यांच्या पासपोर्टची मुदत संपलेली, म्हणून मी जन्मात पहिल्यांदा एकटी परदेशी निघाले होते. तेव्हा दोन्ही होतंच.

"आणि एक, आई," केदारराव म्हणाले. "तिच्यासमोर बाळाचा विषय काढायचा नाही. वजन किती, डॉक्टर काय म्हणाले, काहीच नाही. तिचीच अट आहे. बोलायला लागली की रडू येतं, आणि रडली की पोट घट्ट होतं."

"मग बोलायचं काय मी तिच्याशी?"

"हॉकी," ते म्हणाले.

बेडोक

मंजिरी-केदाररावांचं घर बेडोकला, अकराव्या मजल्यावर. सरकारी इमारती आहेत, पण आपल्याकडे सरकारी म्हटल्यावर जे डोळ्यापुढे येतं तसं नाही. लिफ्ट चालते, जिन्यात थुंकलेलं नाही. खाली बाजार, त्याच्या शेजारी हॉकर सेंटर, म्हणजे एका मोठ्या छपराखाली मांडलेले खाण्याचे पन्नासेक गाळे. पहाटेपासून तिथे म्हातारेकोतारे कॉफी घेऊन बसलेले असतात. मला तिथला काया टोस्ट फार आवडला. नारळाच्या दुधाचा आणि अंड्याचा मुरंबा म्हणा, पावाला लावून देतात. खरं तर पहिल्याच पहाटे तिथे गेलो तेव्हा मला काही खायचं नव्हतं, पण केदाररावांनी समोर बसून खायला लावलं आणि खाताखाताच डॉक्टरांचं म्हणणं सांगितलं. हॉस्पिटलमध्ये ते बोलता येणार नव्हतं ना.

ते असं होतं. बाळाची फुप्फुसं अजून कच्ची आहेत. ती पिकावीत म्हणून मंजिरीला इंजेक्शनं दिलीत. बाळ पोटात जितकं थांबेल तितकं चांगलं. एकेक दिवस मोलाचा. पण पाणमोट फुटलेली असल्याने आत जंतू शिरायची भीती. मंजिरीला ताप आला, की मग थांबायचं नाही, लगेच बाळ बाहेर काढायचं. म्हणजे लवकर आलं तरी भीती आणि थांबलं तरी भीती.

"श्वास घेईल ना पण?" मी विचारलं.

"म्हणून तर थांबायचंय," ते म्हणाले.

वर आलो तर शेजारच्या लिम आंटी व्हरांड्यात उभ्या. माझ्याच वयाच्या, छोट्या चणीच्या, हाफ पँटमधल्या. यांच्या घरात पाळण्याचा एक मोठा खोका बंदच्या बंद पडला होता. केदाररावांनी तो जोडायला घेतला तेव्हा या आंटींनी येऊन हातोडी काढून घेतली होती. पोटुशी बाई असलेल्या घरात खिळा ठोकायचा नाही आणि बाळाचं काही आधी मांडून ठेवायचं नाही, असं त्यांच्याकडेही मानतात. मला ते ऐकून इतकं बरं वाटलं. आपणही बाळंतपणाआधी झबलं शिवत नाही. हजारो मैलांवर, चिनी बाई, आणि भीती अगदी आपल्यासारखी. त्यांचं इंग्रजी मला अर्धंच कळे, माझं त्यांना तेवढंही नाही, पण त्या दिवसापासून आमचं जमलं.

वॉर्डातली सकाळ

ती पहिली रात्र सोडली तर केदारराव रात्री हॉस्पिटलमध्ये झोपायचे आणि पहाटे मी बेडोकहून एमआरटीने, म्हणजे तिथल्या मेट्रोने, जायची. तिकडे कॅनडात संध्याकाळी खेळ सुरू झाला की सिंगापुरात दुसऱ्या दिवशीची सकाळ असते, त्यामुळे सामना ऐन नाश्त्याच्या वेळी. तीन भागांतला पहिला बघून केदारराव वन-नॉर्थला ऑफिसात जायचे आणि उरलेला सामना मंजिरीबरोबर बघायचं माझ्या गळ्यात पडायचं.

मंजिरी पलंगावर उशीला टेकून होती. डोळे खोल गेलेले, पोटावर पट्टा, पट्ट्याच्या वायरी एका यंत्राला लावलेल्या. यंत्रातून बाळाच्या हृदयाचे ठोके ऐकू यायचे, भरभर भरभर. मी तोंड उघडणार तेवढ्यात ती म्हणाली, "आई, बस. दुसरी मॅच आहे. आपले निळे."

पाण्याच्या तांब्याला टेकवून फोन ठेवलेला. त्यावर बुटांना पाती लावलेले धिप्पाड बाप्ये बर्फावरून सुसाट जात होते आणि एकमेकांना धडाधड भिंतीवर आपटत होते. त्यांच्या काठ्यांखाली एक काळी रबरी चकती, जी मला पहिले दोन दिवस दिसलीच नाही. पंच बघत उभे.

"अगं, हे मारामारी करतायत."

"ते चालतं," मंजिरी म्हणाली.

मग तिने मला नियम समजावले. इतक्या दिवसांत तिच्या आवाजात जीव आलेला मी तेव्हा ऐकला, म्हणून मीही मन लावून ऐकलं. दोन संघ एकमेकांशी एकच सामना खेळून मोकळे होत नाहीत. तेच दोघं पुन्हा पुन्हा खेळतात, जास्तीत जास्त सात वेळा. ज्याने आधी चार जिंकले तो पुढे, दुसरा घरी. किती गोलांनी जिंकलं याला किंमत नाही. काल सहा गोलांनी मार खाल्ला तरी आज पाटी कोरी. वर्षभरात ज्याची कामगिरी चांगली त्याच्या गावात पहिले दोन सामने, मग दोन दुसऱ्याच्या गावात. तरीही निकाल लागला नाही तर एक इकडे, एक तिकडे, आणि सातवा परत पहिल्याच्या गावात. आमच्या निळ्यांची कामगिरी चांगली होती.

"आणि बरोबरी झाली तर?"

"बाद फेरीत बरोबरी नसतेच. वीस मिनिटांचा जादा खेळ. त्यात गोल झाला नाही तर अजून वीस. पहिला गोल पडला की तिथेच खलास. पण तोवर चालूच."

मला हे भयंकर वाटलं. कधी संपणार ते ठाऊक नाही आणि संपलं की एका क्षणात संपणार, असं बघत बसायचं म्हणजे काय जिवाची माणसं असतील ती. मंजिरीला मात्र तेच आवडायचं.

दुसरा सामनाही निळे जिंकले. मी घरी येऊन वाईच्या गणपतीला तिथूनच हात जोडले. म्हटलं, देवा, पोरीला यात आनंद मिळतोय, तर तिचा संघ जिंकत राहू दे. एकवीस मोदक करीन. डोंबिवलीहून विहीणबाईंचा फोन आला, तर त्या जावईबापूंच्या दाढीवर खूश. गर्भिणीच्या नवऱ्याने वस्तरा लावू नये असं त्यांच्या सासूबाई सांगायच्या म्हणे. मुलाने निदान एवढं तरी पाळलं. मी हॉकीचं सांगितलं नाही.

तिसरा सामना

तिसऱ्या सामन्याला मी जय्यत तयारीने बसले. पांढऱ्या कपड्यातल्यांवर माझा राग होताच, कारण आधी आपल्याविरुद्ध तेच खेळत होते. एका पांढऱ्याने एका लालवाल्याला आपटलं तेव्हा मी म्हटलं, "मेल्याला बाहेर काढा."

"आई, ते आपले आहेत," मंजिरी म्हणाली.

तर बाहेरगावी गेलं की पांढरे कपडे घालतात, आणि ज्यांचं गाव असेल ते आपल्या रंगात. म्हणजे आपले निळे आज पांढरे होते आणि परवाचे पांढरे आज लाल. मी कपाळाला हात लावला. मंजिरी हसली, पोटाला हात धरून हसली, आणि यंत्रातले ठोके जरा वाढले, तशा आम्ही दोघी एकदम गप्प झालो.

खेळ बरोबरीत गेला आणि जादा वेळ सुरू झाला. थोड्याच वेळात आपल्या एकाने लांबून काठी मारली, कुणाच्या तरी पायाला लागून चकती जाळीत गेली, आणि सगळे पांढरे एकमेकांवर जाऊन पडले. जिंकलो. तीन झाले. मी टाळ्याच पिटल्या. नर्सने पडदा सरकवून पाहिलं.

वळून बघते तर मंजिरी रडत होती. आनंदाचं रडू आईला कळतं, तसं हे नव्हतं. दोन्ही हात पोटावर घट्ट दाबलेले.

"काय झालं? दुखतंय?"

तिने मान हलवली आणि भिंतीकडे तोंड केलं. बाहेर जाऊन केदाररावांना ऑफिसात फोन लावला.

पलीकडे दार लावून घेतल्याचा आवाज आला. मग म्हणाले, "आई, तुम्हाला सांगायचं राहिलं. दाखल केलं त्या दिवशी ती म्हणाली होती, सात मॅचची सिरीज आहे, दिवसाआड एक. ही चालू आहे तोवर बाळ आत राहील. तिने मनाशी बांधूनच घेतलंय. आता तीन-शून्य. परवा जिंकले की संपलं."

मी व्हरांड्यातल्या बाकावर बसले. म्हणजे मी ज्या मोदकांवर गणपतीला राजी करत होते ते उलट्याच बाजूने. माझ्या नवसाने पोरीचा एकेक दिवस कापला जात होता. हे शहाणपणाचं नाही, हे मला कळत होतं. मंजिरी इंजिनिअर आहे, तिलाही कळत होतं. पण ज्याचा जीव टांगणीला लागलाय त्याला असलं कळून काय उपयोग आहे?

त्या संध्याकाळी मी बेडोकच्या स्वयंपाकघरात उभी राहून देवाला म्हटलं, बाप्पा, घोटाळा झाला. मोदक तेवढेच. पण आता लाल जिंकू दे. शेवटी निळेच जिंकू दे, पण सातव्याला.

तांजोंग पगार

चौथ्या सामन्याच्या सकाळी मी इतकी धास्तावलेली होते की स्टेशनच चुकले. दार उघडलं, गर्दी उतरली, तिच्याबरोबर मीही उतरले, आणि वर आले तर तांजोंग पगार. उंच उंच ऑफिसं, त्यांच्या पायाशी जुनी रंगीत दुमजली दुकानं, आणि गळ्यात पास अडकवलेली माणसं भराभर चाललेली. एरवी मी उभी राहून ती दुकानं पाहिली असती. खिडक्यांना हिरव्या गुलाबी झडपा, फार देखणी आहेत. पण फोन हातात घेतला तर केदाररावांचे तीन मिस्ड कॉल.

लावला तर उचलेनात. माझी पाचावर धारण बसली. फुटपाथवरच्या एका मुलीला हॉस्पिटलचं नाव दाखवलं. तिने माझ्या हाताला धरून परत स्टेशनात नेलं, योग्य फलाटावर उभं केलं आणि गाडी येईपर्यंत थांबली. तिला ऑफिसला उशीर होत असणार. मी तिला नावही विचारलं नाही, थँक्यूसुद्धा म्हटलं की नाही आठवत नाही.

धापा टाकत वॉर्डात पोचले. केदारराव दारातच.

"काय झालं?"

"हरलो," ते हळूच म्हणाले, "म्हणजे हरतोय. दोन-शून्यने मागे आहोत. तेच सांगायला फोन करत होतो."

मी त्यांना बोलले ते इथे लिहीत नाही. जावयाशी सासूने असं बोलू नये. पण आत मंजिरी उशीला टेकून बसली होती आणि चेहऱ्यावर थोडा रंग होता. आम्ही तिघांनी बसून आपल्या संघाचा पराभव पाहिला. लाल संघाचा गोलरक्षक त्या दिवशी भिंतीसारखा उभा होता. प्रत्येक चकती तो अडवायचा आणि आम्ही तिघं श्वास सोडायचो. शेवटची शिट्टी झाल्यावर मंजिरी म्हणाली, "बिचारे," आणि जेवण मागवलं.

पाचवा आपल्या गावात होता, तोही हरलो. मंजिरीने त्या दिवशी मला विचारलं, डिंकाचे लाडू आणलेस का. आणले होते, पण काढायची छाती होत नव्हती. बाळंतिणीचं खाणं आधी कसं द्यायचं? लिम आंटींनीही लाल खजुरांचा चहा करून थर्मास भरून ठेवला होता आणि त्याही तेच म्हणत होत्या, आफ्टर, आफ्टर. आम्ही दोघी आपापलं खाणं झाकून बसलो होतो.

सहावा हरलो आणि तीन-तीन झाले. केदाररावांनी फोन बंद केला. तिघांच्याही मनात एकच आलं असणार. इतके दिवस आम्ही लांबवत आलो, आता लांबवायला काही उरलं नव्हतं.

"आठवा नसतो का?" मी विचारलं.

"नसतो, आई," मंजिरी म्हणाली.

सातवा सामना

त्या सकाळी वॉर्डात शिरताना मंजिरीच्या अंगावर दोन पांघरुणं दिसली. सिंगापुरात एसी कडक असतो, म्हणून आधी काही वाटलं नाही. जवळ गेले, कपाळाला हात लावला. चटका बसला.

मी पांघरूण नीट केलं. केदारराव माझ्याकडे बघत होते. नर्स ताप मोजून गेली होती, डॉक्टरांना निरोप गेला होता. यंत्रातले ठोके रोजच्यापेक्षा खूपच जोरात पळत होते. फोन तांब्याला टेकवलेलाच होता आणि निळे खेळत होते.

"लाव ना आवाज," मंजिरी म्हणाली. दात वाजत होते तिचे.

डॉक्टर बाई आल्या. शांत, पोक्त बाई. त्यांनी यंत्राचा कागद पाहिला, मंजिरीचा हात हातात घेतला आणि सांगितलं की आता थांबण्यात धोका जास्त आहे, तयारी करतोय, अर्ध्या-पाऊण तासात आत नेऊ. मंजिरीने सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "अजून थोडं नाही का थांबता येणार?" डॉक्टर नाही म्हणाल्या.

त्यानंतर काय चाललं होतं ते मला तुकड्या-तुकड्यांनीच आठवतं. केदारराव सह्या करत होते. दोन नर्सेस सलाईन बदलत होत्या. कुणीतरी माझ्या हातात मंजिरीच्या बांगड्या, मंगळसूत्र आणि फोन दिला. फोनवर सामना तसाच चालू. तिन्ही भाग संपले होते, दोन-दोन अशी बरोबरी, आणि जादा वेळ सुरू झाला होता. मी बघत नव्हते, पण हातातच होता, तर डोळे जायचेच.

मंजिरीला ढकलगाडीवर घेतलं. मी बरोबरीने चालत होते. केदारराव पुढे गेले होते, त्यांना हिरवे कपडे घालायला नेलं होतं. लांबलचक व्हरांडा, वर पांढरे दिवे. आणि तेवढ्यात माझ्या हातातल्या फोनमधून एकदम लोकांचा गलका झाला. मी खाली पाहिलं. खेळाडू ढिगाने एकमेकांवर पडले होते. निळे की पांढरे तेही मला कळलं नाही. डोळ्यांत पाणी होतं. मग ढीग उठला, आणि दोन्ही संघ बर्फावर समोरासमोर दोन रांगांत उभे राहिले. इतके दिवस एकमेकांची हाडं मोडायला निघालेले ते दाढीवाले एकेक करत एकमेकांचा हात हातात घेऊन पुढे सरकत होते. हे मी आधीच्या सहाही सामन्यांत पाहिलं नव्हतं. सिरीज संपली की मगच करतात हे मला कुणी सांगायची गरज नव्हती.

मी आवाज बंद केला आणि फोन पर्समध्ये टाकला.

"आई." मंजिरीने माझी ओढणी धरली. तिचे ओठ निळसर पडले होते. "संपली का गं?"

मी जन्मात इतकी घाबरले नव्हते. माझी सासू गेली तेव्हा नाही, यांना अपघात झाला तेव्हा नाही.

"छे," मी म्हटलं. "चालू आहे अजून."

"चालू आहे?"

"जादा वेळ चाललाय. कुणाचा गोलच होत नाहीये."

तिने डोळे मिटले आणि ओढणी सोडली. दार उघडलं, ती आत गेली, दार मिटलं.

काचेपलीकडे

मुलगी झाली. केदारराव बाहेर आले तेव्हा टोपी तशीच डोक्यावर होती. मंजिरी बरी होती, शुद्धीत होती. बाळाचं वजन दीड किलोहूनही कमी.

"रडली का?" मी विचारलं.

त्यांनी डोक्यावरची टोपी काढली.

"रडली का हो जन्मल्यावर?"

"नाही, आई. लगेच नळी घातली. श्वास यंत्रावर आहे." मग म्हणाले, "नळी असली की आवाज येत नाही. रडली असेल तरी कळणार नाही."

साताऱ्याला यांना फोन केला. त्यांनीही पहिलं तेच विचारलं. आपल्याकडे सगळे तेच विचारतात, पेढे नंतर. मी काय सांगणार? म्हटलं, रडेल.

दुपारी मला काचेतून दाखवली. पेटीत झोपलेली, तोंडात नळी, छाती यंत्राच्या तालावर वर-खाली. एवढीशी छाती. बाजूच्या बाकावर केदारराव बसले होते. काहीतरी बोलायचं म्हणून मी विचारलं, "शेवटी कोण जिंकलं?"

"आपण."

"मग झालं," मी म्हटलं. "सुटलो."

"आई, ती पहिली फेरी होती," ते म्हणाले. "अशा अजून तीन असतात. प्रत्येक वेळी नवा संघ, आणि प्रत्येक वेळी चार जिंकायचे."

मी इतके दिवस समजत होते की सात सामने म्हणजे सगळी स्पर्धा. मला कुणी सांगितलं नाही, आणि मी विचारलं नाही. संध्याकाळी डॉक्टर बाई आल्या आणि त्यांनी पुढचं सांगितलं. आधी हे दोन-तीन दिवस निभावायचे, मग नळी काढून बघायची, मग दूध पचतंय का, मग वजन, आणि मध्येच कधी जंतुसंसर्ग झाला तर परत मागे. मी केदाररावांकडे पाहिलं. ते जमिनीकडे बघत होते.

लिम आंटी थर्मास घेऊन एवढ्या लांब आल्या. त्यांना आत सोडलं नाही, तर खालच्या लॉबीत बसून राहिल्या. मी खाली गेले तशी त्यांनी कपात लाल चहा ओतून दिला, मलाच, आणि म्हणाल्या, "स्मॉल नेव्हर माइंड लाह." लहान आहे म्हणून काय झालं, असं त्यांचं म्हणणं. मी तो चहा सगळा प्यायले आणि त्यांच्या खांद्यावर डोकं ठेवून रडले. वर रडायची सोय नव्हती.

मंजिरी तिसऱ्या दिवशी चाकाच्या खुर्चीतून बाळाला पाहायला गेली. परत आल्यावर माझ्याकडे बघून म्हणाली, "तू खोटं बोललीस ना मला?"

"हो."

"बरं केलंस," ती म्हणाली.

दुसऱ्या फेरीत निळे हरले. फारसे लढलेसुद्धा नाहीत. केदाररावांनी हॉस्पिटलच्या बाथरूममध्येच दाढी केली आणि आम्ही तिघं घाबरून एकमेकांकडे बघत बसलो, आता काहीतरी वाईट होणार म्हणून. काही झालं नाही. दुसऱ्या दिवशी मंजिरीने हॉकीचं अॅप फोनमधून काढून टाकलं आणि पहिल्यांदाच माझ्याशी बाळाबद्दल बोलायला लागली. तिची नखं केवढी आहेत, ती झोपेत भुवया कशा उचलते, यंत्रावरचा कोणता आकडा खाली गेला की घंटा वाजते. ती बोलत होती आणि मला तर तेच जास्त भीतीदायक वाटत होतं, कारण आता तिने जीव लावला होता.

सातारा

माझ्या पासची, म्हणजे तिथे राहायच्या परवान्याची, मुदत वाढवून घेतली होती, तीही संपली. बाळ हॉस्पिटलातच होतं. एकदा नळी काढून परत घालावी लागली होती. मी निघाले त्या दिवशी काचेला हात लावून आले. विमानतळावरचा धबधबा येतानाही पाहिला नाही.

इथे आल्यावर सगळे विचारतात, सिंगापूर कसं आहे. मी म्हणते स्वच्छ आहे. फोनची रिंग वाजली की हातातलं पातेलं खाली ठेवून आधी भिंतीला टेकते आणि मगच उचलते. केदारराव रोज कळवायचे, आज दूध जरा वाढवलं, आज घंटा दोनदाच वाजली. मी ऐकून घ्यायची. आवाज मात्र तिचा एकदाही ऐकला नव्हता.

गेल्या मंगळवारी मंजिरीचा फोन आला. मी नेहमीसारखी भिंतीला टेकले आणि हॅलो म्हटलं, तर पलीकडून मंजिरीचा शब्दच येईना. नुसता कोकलण्याचा आवाज. बारीक, किनरा, संतापलेला, मध्ये श्वास घ्यायला थांबून पुन्हा दुप्पट जोरात.

"आई, ऐकू येतंय का?" मंजिरी ओरडून म्हणाली. "नळी काढली परवाच, पण सांगितलं नाही तुला, म्हटलं दोन दिवस बघू. आता अर्धा तास झाला थांबतच नाहीये. थांब, हिला घेते, मग बोलू. ओ ओ ओ, गप गं बाळा, गप."

"गप्प करू नकोस," मी म्हटलं.

"अगं, सगळा वॉर्ड बघतोय."

"बघू दे. तू फोन तिच्याजवळ धर आणि रडू दे."

तिने धरला. मी स्पीकर लावला. हे बागेतून आत आले, हातातली झारी तशीच घेऊन, आणि आम्ही दोघं स्वयंपाकघरात उभं राहून ती थकेपर्यंत ऐकत राहिलो.